मोलकरीण, तंबाखू आणि सोळा एमएमचा कॅमेरा

श्रोतेहो, नमस्कार.

१९८० साली पुण्यात धुणीभांडी करणाऱ्या बायकांनी संप केला. पगार वाढवा, हक्काची सुट्टी द्या, एवढंच त्यांचं म्हणणं. त्यातूनच पुणे शहर मोलकरीण संघटना उभी राहिली. आणि बंगळूरहून एक छोटासा गट कॅमेरा घेऊन या बायकांकडे आला. गटाचं नाव ‘युगांतर’. त्यात आभा भय्या होत्या, मीरा राव होत्या, कॅमेरा सांभाळणारे नवरोज काँट्रॅक्टर होते आणि होत्या दीपा धनराज. आज बोलायचंय ते माहितीपटकार दीपा धनराज यांच्या कामाविषयी.

पुण्यातल्या त्या लढ्यावर १९८१ साली ‘मोलकरीण’ हा माहितीपट झाला. पुढच्याच वर्षी निपाणीच्या तंबाखू कामगार बायकांवरचा ‘तंबाखू चाकीला ऊब आली’. मला हा दुसरा फार जवळचा वाटतो. वखारीत तंबाखूची धूळ इतकी, की बायका नाकातोंडाला फडकं बांधून कामाला बसायच्या. युगांतरची मंडळी चार महिने त्यांच्यात राहिली. आधी ऐकलं. पगार किती, मुकादम कसा वागतो, युनियनची पहिली बैठक कशी जमली, सगळं ऐकलं. मग त्याच बायकांनी आपल्या आयुष्यातले प्रसंग कॅमेऱ्यासमोर पुन्हा उभे केले.

सोळा एमएम रुंदीच्या फिल्मचं चारशे फुटांचं रीळ जेमतेम अकरा मिनिटं चालतं. असं मोजून मापून वापरायचं रीळ या बायकांच्या बोलण्यावर खर्च करायचं, ही मला मोठी गोष्ट वाटते. एरवी माहितीपटात गरीब बाई दिसते आणि तिच्या वतीने बोलतो भलताच कुणी. इथे आवाज तिचाच, आणि काय सांगायचं हेही तिनेच ठरवलेलं.

१९९१ साली दीपा धनराज यांनी कुटुंबनियोजनावर ‘समथिंग लाइक अ वॉर’ केला. त्यात एक डॉक्टर आपण नसबंदीच्या किती शस्त्रक्रिया केल्या ते अभिमानाने सांगतो. दुसरीकडे काही बायका गोल करून बसल्यात. पाळी, बाळंतपण, शरीरसुख यांवर मोकळेपणाने बोलतायत, हसतायत. सरकारी कागदावर ‘केस’ म्हणून नोंद झालेली बाई तिथे अख्खं माणूस म्हणून भेटते. आकड्यांसाठी शिबिरं भरवणाऱ्या यंत्रणेला याहून जळजळीत उत्तर मी पाहिलेलं नाही.

पुढे तमिळनाडूतल्या मुस्लिम बायकांच्या जमातीवर, म्हणजे बायकांनीच चालवलेल्या न्यायपंचायतीवर, त्यांनी माहितीपट केला, हैदराबाद विद्यापीठातला दलित संशोधक विद्यार्थी रोहित वेमुला याच्या मृत्यूनंतर विद्यापीठांतल्या जातीवरही केला. विषय बदलले, पण आधी ऐकून घ्यायचं ही रीत काही बदलली नाही.

महाराष्ट्रात घरकामगारांसाठी कल्याण मंडळाचा कायदा आला २००८ साली, म्हणजे त्या संपानंतर अठ्ठावीस वर्षांनी. युगांतरच्या रिळांचं जतन बर्लिनच्या आर्सेनल या चित्रपट संस्थेच्या मदतीने झालं. बर्लिनमध्ये लोक ती पाहतात, याचा आनंदच आहे. पण ‘मोलकरीण’चा एक खेळ पुण्यातल्याच एखाद्या वस्तीत, संध्याकाळी कामं आटोपल्यावर, भिंतीवर पांढरी चादर लावून व्हावा. संपात उतरलेल्या बायका आता आज्या झाल्या असतील. त्यांना पुढच्या रांगेत बसवावं.