बारावीनंतरचा हँडबॉल

[दृश्य: शाळेचं मैदान, तांबडी माती, चुन्याने आखलेली सहा मीटरची रेषा. मुली रांगेत उभ्या.]

गोव्यात दहावी-बारावीचे निकाल लागले की क्रीडागुणांचीही चर्चा होते. शालेय स्पर्धांमधून खेळलेल्या मुलांना हे गुण मिळतात, आणि काठावर अडकलेला एखादा विषय त्यातून सुटतो. या गुणांच्या ओढीने कितीतरी मुली हँडबॉलला येतात. यात वावगं काही नाही. पण बारावीचा निकाल हातात पडला की त्यातल्या बऱ्याच जणी बूट गुंडाळून ठेवतात. उंची पूर्ण झालेली असते, हाताला वेग आलेला असतो, समोरच्या बचावात फट कुठे पडणार हे नुकतंच दिसायला लागलेलं असतं. हँडबॉलच्या कारकिर्दीची सुरुवात खरं तर इथून होते. बॅकवरची, म्हणजे मागच्या फळीतून लांबून मारणारी खेळाडू साधारणपणे पंचविशीनंतर परिपक्व होते.

[दृश्य: मैदानाची आखणी वरून.]

मैदान ४० मीटर लांब, २० मीटर रुंद. गोल तीन मीटर रुंद, दोन मीटर उंच. एका बाजूला सात जणी, त्यातली एक गोलकीपर. तीस-तीस मिनिटांचे दोन डाव. सहा मीटरच्या रेषेच्या आत फक्त गोलकीपरला उभं राहता येतं. बाकीच्यांना त्या जागेवरून उडी मारता येते, पण जमिनीला पाय टेकण्याआधी चेंडू हातातून सुटलेला हवा. चेंडू हातात धरून तीन पावलं, तीन सेकंद. हवेत चेंडू पकडून खाली आल्यावर पहिला टेकलेला पाय पावलात मोजत नाहीत. त्याला झिरो स्टेप म्हणतात, आणि शालेय सामन्यात सगळ्यात जास्त हुज्जत याच्यावरूनच होते.

[दृश्य: क्रीडासाहित्याची खोली. जाळीच्या पिशवीत चेंडू.]

आता चेंडू बघा. आठ ते चौदा वयाच्या मुलींसाठी एक नंबरचा: परीघ ५० ते ५२ सेंटिमीटर, वजन २९० ते ३३० ग्रॅम. त्यापुढच्या मुली आणि महिलांसाठी दोन नंबरचा: ५४ ते ५६ सेंटिमीटर, ३२५ ते ३७५ ग्रॅम. तीन नंबरचा पुरुषांचा, ४२५ ते ४७५ ग्रॅमचा.

शाळेच्या पिशवीत मात्र अनेकदा मिळेल तो चेंडू असतो, आणि तो मुलांचा असतो. सातवीतल्या मुलीच्या पंजात तो मावत नाही. मग ती बोटांनी पकडण्याऐवजी तळव्यावर तोलते, कोपर खांद्याच्या खाली आणते आणि चेंडू ढकलते. तेव्हा गोल होतो, म्हणून कुणी टोकत नाही. चार-पाच वर्षांनी तीच मुलगी दोन नंबरचा चेंडू जोराने मारायला लागते, कोपर तसंच खाली असतं, आणि खांद्याच्या पुढच्या बाजूला दुखायला लागतं. सवय मोडायला अख्खा हंगाम जातो. योग्य मापाचे चार चेंडू आधीच घेतले असते तर ते नक्कीच स्वस्त पडलं असतं.

[दृश्य: जम्प शॉट, म्हणजे उडी मारून हवेतून केलेला मारा, संथ गतीत.]

उजव्या हाताच्या खेळाडूची पावलं: डावा, उजवा, डावा. दुसरं पाऊल लांब, तिसरं आखूड आणि जोरकस. डाव्या पायावर उडी. उजवा गुडघा वर आणि बाहेर, डावा खांदा गोलकडे. चेंडू डोक्याच्या मागे, कोपर खांद्याच्या रेषेत किंवा वर. मग आधी कंबर फिरते, तिच्यामागून धड, खांदा, कोपर आणि शेवटी मनगट. हा क्रम चुकला, म्हणजे कंबर थांबली आणि नुसता हात पुढे आला, की वेग निम्म्यावर येतो आणि राहिलेलं सगळं काम खांद्यावर पडतं. वरच्या पातळीवर महिलांचे शॉट ताशी ८० ते १०० किलोमीटरचे असतात. ९० च्या वेगाने नऊ मीटरवरून सुटलेला चेंडू गोलपर्यंत यायला सेकंदाच्या तिसऱ्या हिश्शाहून जरासाच जास्त वेळ लागतो. म्हणून गोलकीपर चेंडूकडे बघून हलत नाही. ती मारणारीचा खांदा आणि मनगट वाचते.

इथपर्यंत प्रशिक्षक आवडीने शिकवतात. जमिनीवर परत येणं मात्र कुणी फारसं शिकवत नाही, आणि मुलींच्या कारकिर्दी तिथेच संपतात.

[दृश्य: एका पायावर उतरणारी खेळाडू. चित्र थांबतं. गुडघा आत झुकलेला.]

गुडघ्यातला पुढचा क्रूसिएट लिगामेंट, म्हणजे हाडं एकत्र धरून ठेवणारा पट्टा, खेळाडूंच्या तोंडी एसीएल. हा फाटण्याचा धोका मुलींना मुलांपेक्षा कितीतरी जास्त असतो, आणि बहुतेक वेळा तो धक्का लागून फाटत नाही. दोन प्रसंग नेहमीचे. पहिला, बचावाला चकवताना बाहेरच्या बाजूला पाय रोवून झटक्यात आत वळणं. दुसरा, जम्प शॉटनंतर एका पायावर उतरणं. दोन्हीत चित्र तेच: गुडघा जवळजवळ सरळ, पाऊल जमिनीला चिकटलेलं आणि गुडघा आतल्या बाजूला कोसळलेला. दमलेल्या पायांनी हे जास्त होतं, आणि जोरात खेचून धरणाऱ्या तळव्याच्या बुटांनीही.

उतरण्याची रीत साधी आहे. शक्य तेव्हा दोन्ही पायांवर उतरायचं. गुडघा वाकलेला आणि पायाच्या बोटांच्या रेषेत. कंबर मागे, छाती किंचित पुढे. चकवा देताना पाय शरीरापासून फार लांब टाकायचा नाही. आधी चेंडूविना, मग चेंडूसह, मग हवेत असताना जोडीदारणीने खांद्याला हलकी ढकल देऊन.

नॉर्वेत यावर पद्धतशीर काम झालं. २००५ साली प्रसिद्ध झालेल्या तिथल्या अभ्यासात १५ ते १७ वयाचे १,८३७ हँडबॉल खेळाडू होते. निम्म्या क्लबांनी सरावाच्या सुरुवातीला १५ ते २० मिनिटांचा ठरावीक कार्यक्रम केला: धावण्याचे प्रकार, वळण्या-उतरण्याचं तंत्र, डुगडुगत्या फळीवर तोल, आणि मांड्यांची ताकद. त्यांच्यात गुडघ्या-घोट्याच्या दुखापती जवळपास निम्म्याने कमी झाल्या. यातली तोलाची फळी सुतार अर्ध्या दिवसात करून देतो. मांडीच्या मागच्या स्नायूंसाठी जोडीदारणीने घोटे धरायचे आणि गुडघ्यावर बसून हळूहळू पुढे झुकायचं, बस्स. खर्च नाही. अडचण एवढीच की हॉल तासाभरासाठी मिळालेला असतो आणि सगळ्यांना लगेच सामना खेळायचा असतो.

फाटलाच तर शस्त्रक्रिया, आणि मैदानावर परत यायला किमान नऊ महिने. एका पायाची उडी दुसऱ्या पायाच्या निदान ९० टक्के भरली पाहिजे. इथे घाई होते, कारण राष्ट्रीय स्पर्धेची तारीख कुणासाठी थांबत नाही. सहाव्या महिन्यात ‘आता दुखत नाही’ म्हणून उतरलेल्या मुलीचा गुडघा दुसऱ्यांदा जातो, कधी कधी दुसऱ्या पायाचा.

[दृश्य: पावसाळा. शेवाळलेलं काँक्रीटचं कोर्ट. मग बंदिस्त हॉल, गोलजवळ पोछा.]

गोव्याचा हंगाम पाऊस ठरवतो. जूनपासून उघड्या काँक्रीटवर शेवाळ धरतं आणि मातीचं मैदान तर विसरायचंच. नावेलीचं मनोहर पर्रीकर इनडोअर स्टेडियम, म्हापशाजवळचं पेडे क्रीडा संकुल, ताळगावचं श्यामाप्रसाद मुखर्जी स्टेडियम, असे चांगले हॉल राज्यात आहेत. २०२३ ची ३७ वी राष्ट्रीय क्रीडा स्पर्धा गोव्यात झाली तेव्हा हँडबॉलही त्यात होता. पण सत्तरी किंवा पेडणे तालुक्यातल्या मुलीला संध्याकाळी हॉलवरून घरी जायला शेवटची कदंब बस गाठायची असते. म्हणून पावसाळ्यात सराव विरळ होतो, चवथीच्या दिवसांत पूर्ण थांबतो, आणि मग निवड झाली की एकदम शिबिर. दिवसातून दोनदा सराव, शेकड्यांनी थ्रो. खांदा याच वेळी जातो.

उपाय वहीत आहे. आठवड्यात किती थ्रो जोराने मारले ते लिहायचं आणि आकडा हळूहळू चढवायचा. पावसातही घरच्या पडवीत आठवड्यातून तीनदा रबरी पट्टा: कोपर अंगाला लावून हात बाहेर फिरवणं, पट्टा छातीकडे ओढणं, भिंतीवर पुश-अप. दहा मिनिटं पुरतात.

दमट हॉलची वेगळी कटकट. घामाने फरशी निसरडी होते, विशेषतः सहा मीटरच्या रेषेवर, कारण पिव्हट, म्हणजे बचावाच्या रांगेत घुसून खेळणारी, तिथेच पडते. पोछा धरणारी मुलगी बाकड्यावर नको, गोलच्या बाजूला तयार हवी. चेंडूही हातातून निसटतो. युरोपात खेळाडू बोटांना चिकट रेझिन लावतात आणि त्याच्या जोरावर एका हाताने झेल घेतात, विंगवरून, म्हणजे मैदानाच्या कडेवरून, चेंडूला फिरकी देतात. आपल्याकडच्या हॉलांत फरशी खराब होते म्हणून ते सहसा चालत नाही. तिकडे पहिल्यांदा खेळणाऱ्या मुलीचे सुरुवातीचे पास जोडीदारणीच्या पायाशी पडतात, कारण चेंडू बोटांतून उशिरा सुटतो.

[दृश्य: प्रमाणपत्रांची फाइल.]

तर बारावीनंतर काय? पहिली पायरी विद्यापीठाचा संघ आणि आंतरविद्यापीठ स्पर्धा. दुसरी, राज्याचा वरिष्ठ संघ. तिसरी, क्रीडा कोट्यातली नोकरी: रेल्वे, पोलीस, सशस्त्र सीमा बल. भारतात बहुतेक महिला खेळाडूंसाठी ‘व्यावसायिक’ याचा अर्थ आजही हाच आहे. पगार खात्याचा, खेळ खात्याच्या संघाकडून.

केंद्र सरकारच्या क्रीडा कोट्यासाठी प्रमाणपत्राचे ठरलेले नमुने असतात. आंतरराष्ट्रीय स्पर्धेसाठी राष्ट्रीय महासंघाच्या सचिवाची सही, राष्ट्रीय स्पर्धेसाठी राज्य संघटनेच्या सचिवाची, आंतरविद्यापीठासाठी विद्यापीठाच्या क्रीडाप्रमुखाची, शालेय राष्ट्रीय स्पर्धेसाठी शिक्षण खात्याची. स्पर्धा संपल्याबरोबर नमुना भरून सही घ्यायची. तीन वर्षांनी पदाधिकारी बदललेले असतात आणि जुनं दप्तर कुणाला सापडत नाही. एकाच खेळाच्या दोन संघटना भांडत असतील तर मान्यता कुणाला आहे ते जाण्याआधी तपासायचं; मान्यता नसलेल्या ‘राष्ट्रीय’ पदकाला भरतीत किंमत नाही. आणि मूळ कागद कपाटात उघडा ठेवायचा नाही. आपल्या पावसाळ्यात शाईला आणि कागदाला बुरशी लागायला वेळ लागत नाही.

गोव्याची खरी कमतरता सामन्यांची आहे. राज्य लहान, संघ थोडे, त्याच त्या मुली समोर. हिमाचलात बिलासपूर जिल्ह्यातल्या मोरसिंघी या खेड्यातून भारतीय संघापर्यंत मुली गेल्या, कारण त्या एकत्र राहतात आणि रोज खेळतात. इथे निदान बेळगाव, कोल्हापूरकडे जाऊन मैत्रीपूर्ण सामने करायला हवेत. घाट ओलांडला की वेगळ्या धाटणीचा बचाव बघायला मिळतो. शाळेत सगळे ६-० बचाव खेळतात, म्हणजे सहाही जणी सहा मीटरच्या रेषेवर. कुणी ५-१ लावून एक मुलगी पुढे सोडली की मधून खेळ रचणाऱ्या आपल्या सेंटरचे पास तुटायला लागतात.

[दृश्य: भारतीय संघाचा सामना. मग युरोपातलं भरलेलं स्टेडियम.]

भारताच्या ज्युनियर मुलींनी २०२२ मध्ये अल्माटीत आशियाई विजेतेपद मिळवलं, शेवटच्या सामन्यात थायलंडला हरवून. वरिष्ठ महिलांची आशियाई स्पर्धा २०२४ च्या डिसेंबरात दिल्लीत झाली. तिथे अंतिम सामना जपानने दक्षिण कोरियाला हरवून जिंकला. पुरुषांची फ्रँचायझी लीग २०२३ मध्ये जयपूरला झाली, महाराष्ट्र आयर्नमेन जिंकले.

पूर्ण वेळ क्लब हँडबॉल मुख्यतः युरोपात आहे: हंगेरी, फ्रान्स, रोमानिया, डेन्मार्क, नॉर्वे. तिकडे जायचं तर दोन्ही महासंघांमार्फत बदलीचं प्रमाणपत्र लागतं. करारात रकमेआधी चार गोष्टी वाचायच्या: दुखापत झाल्यास पगार किती महिने, शस्त्रक्रियेचा खर्च कुणाचा, घर आणि तिकीट कुणाचं, आणि क्लब बुडाला तर काय. शेवटचा प्रश्न अशुभ वाटेल. पण नॉर्वेच्या व्हायपर्स क्रिस्टियनसँडने २०२१, २०२२ आणि २०२३ असा सलग तीनदा चॅम्पियन्स लीगचा चषक जिंकला, आणि जानेवारी २०२५ मध्ये तो क्लब दिवाळखोरीत गेला. खेळाडूंना भर हंगामात नवी जागा शोधावी लागली. उलट फ्रान्सच्या महिला लीगमध्ये २०२१ साली सामूहिक करार झाला, त्यात बाळंतपणासाठी वर्षभराच्या पगाराची हमी आहे.

सगळ्यात लांब कारकीर्द गोलकीपरची. उड्या आणि वळणं कमी, अनुभवाचा उपयोग जास्त. नॉर्वेची कात्रिने लुंडे २०२४ च्या पॅरिस ऑलिम्पिकमध्ये ४४ व्या वर्षी तिसरं सुवर्णपदक जिंकली. गोव्यात फुटबॉलच्या गोलमध्ये उभ्या राहणाऱ्या उंच मुली भरपूर आहेत. त्यांच्याकडे कुणी जाऊन विचारत नाही.

[दृश्य: पणजीचा मिरामार किनारा. सुरूची झाडं, ओहोटी. दोर टाकून आखलेलं मैदान.]

आणि वाळू आहे. बीच हँडबॉलचं मैदान २७ मीटर बाय १२, वाळूची खोली किमान ४० सेंटिमीटर. एका बाजूला चार जणी, दहा-दहा मिनिटांचे दोन सेट, प्रत्येक सेट वेगळा मोजायचा. एक-एक बरोबरी झाली तर गोलकीपरविरुद्ध एकेकीचं शूटआउट. हवेत पूर्ण गिरकी घेऊन केलेल्या गोलला दोन गुण, गोलकीपरने केलेल्या गोललाही दोन. महिलांचा चेंडू रबरी, २८० ते ३०० ग्रॅमचा. बिकिनीची सक्ती होती. २०२१ मध्ये नॉर्वेच्या मुली शॉर्ट्स घालून उतरल्या, त्यांना दंड झाला, बोंब उठली आणि त्याच वर्षी नियम बदलला. त्यामुळे घरचे नाही म्हणण्याचं एक कारण कमी झालं.

वाळूवर उतरताना गुडघ्याला मार कमी बसतो, म्हणून हॉलच्या खेळाडूंनाही ऑक्टोबरनंतर आठवड्यातून एक दिवस इथे आणावं. आधी दंताळ्याने वाळू ओढून घ्यायची. शिंपल्यांचे तुकडे आणि बाटल्यांच्या काचा वरच्या थरातच असतात. सकाळी नऊच्या आत किंवा दुपारी साडेचारनंतर, कारण मधल्या वेळेत तळवे भाजतात. आणि दोर टाकण्याआधी भरतीची वेळ बघायची.