हात उचलणारा ड्रमर

नमस्कार मंडळी! गणपती जवळ आले की गोदाकाठी संध्याकाळी ढोलांचा सराव सुरू होतो, आणि वाकडी बारवपासून मिरवणूक निघाली की छातीत जे धडधडतं ते नाशिककराला मी काय वेगळं सांगणार. म्हणूनच आज मुद्दाम अशा एका वादकाबद्दल बोलायचंय जो कमी वाजवून मोठा झाला. चार्ली वॉट्स, रोलिंग स्टोन्स या इंग्लिश रॉक बँडचा ड्रमर.

१९४१ चा जन्म, लंडनचा. वडील रेल्वेचा ट्रक चालवायचे आणि पोराला वेड जाझचं. जाझ ड्रमर चिको हॅमिल्टनचं काडीऐवजी तारांच्या ब्रशने वाजवणं ऐकलं आणि याने आपल्या बँजोची मान काढून टाकली, उरलेला गोल भाग स्टँडवर ठेवला आणि त्यावरच ब्रश फिरवायला लागला! १९५५ ला आईवडिलांनी खरा ड्रमसेट घेऊन दिला. पुढे आर्ट स्कूल, जाहिरात कंपनीत नोकरी, रात्री क्लबात वाजवणं आणि जानेवारी १९६३ मध्ये स्टोन्स.

आता ढोल-ताशावाल्यांनी जरा कान देऊन ऐका. रॉकचा साधा ठेका एक-दोन-तीन-चार असा मोजायचा, उजवा हात हाय-हॅटवर, म्हणजे पायाने उघडबंद होणाऱ्या त्या दोन झांजांवर, सारखा चालू असतो आणि दोनला नि चारला डाव्या हाताची काडी स्नेअरवर, म्हणजे समोरच्या कडक आवाजाच्या ड्रमवर, पडते. चार्ली काय करायचा, दोन आणि चार आले की उजवा हात चक्क वर उचलून घ्यायचा. हाय-हॅट गप्प, एकटा स्नेअर वाजतो, आणि त्या एवढ्याशा मोकळ्या जागेमुळे अख्खं गाणं डुलायला लागतं.

दुसरं म्हणजे, बँड सहसा ड्रमरला धरून चालतो, पण स्टोन्समध्ये चार्ली कीथ रिचर्ड्सच्या गिटारला धरून वाजवायचा. पथकातल्या पोरांना हे लगेच कळेल, ताशा पुढे आणि ढोल त्याच्या मागे, तसंच. एवढं नाव झालं तरी ड्रमसेट चारच ड्रमचा, छोटासा. टूरवर असला की हॉटेलच्या ज्या पलंगावर झोपायचा त्याचं चित्र काढून ठेवायचा, १९६७ च्या आसपास सुरू झालेली ही सवय. २००४ ला घशाचा कॅन्सर निघाला, उपचार घेतले आणि पुढच्याच वर्षी परत टूरवर! २०१९ च्या ऑगस्टमध्ये मायामीला स्टोन्सबरोबर शेवटचं वाजवलं तेव्हा वय ७८, आणि २४ ऑगस्ट २०२१ ला गेला.

मला मनापासून वाटतं की आपल्या पथकातल्या पोरापोरींनी याला ऐकावं. ताकद आपल्याकडे भरपूर आहे हो, टिपरू कसं धरायचं, थापी कशी मारायची हे सगळे शिकवतात, पण कुठे थांबायचं हे शिकवायला कोणी बसत नाही. तेव्हा आज सरावाला जायच्या आधी मोबाईलवर स्टोन्सचा एखादा लाईव्ह व्हिडिओ लावा, गायकाकडे बघूच नका, फक्त चार्लीचा उजवा हात बघा आणि तोंडाने मोजा, एक-दोन-तीन-चार.