घुमणारी खोली, करकरीत सॅक्सोफोन

(दृश्य: फ्योर्डच्या, म्हणजे समुद्राच्या चिंचोळ्या खाडीच्या, काठावरचं कलाकेंद्र, रिकामं दालन)

सप्टेंबर 1970. ऑस्लोबाहेर होविकॉड्डनचं कलाकेंद्र, उघडून दोनच वर्षं झालेली. जॅझ वाजवणारी चार पोरं इथं तबकडी करायला वाद्यं मांडून बसलीत. ड्रमवर काठी पडते, आणि आवाज जायचं नावच घेत नाही. दुसरा ठोका आला तरी पहिला अजून छताशी घुमतोय. नुसता काला.

म्युनिकहून निर्माता आलाय, मान्फ्रेड आयशर. आडनाव आपण ट्रॅक्टरवर वाचलेलं, पण हा गडी मूळचा डबल बास वाजवणारा. त्याची ई.सी.एम. ही तबकड्या काढणारी कंपनी जेमतेम वर्षाची. इथं काही जमायचं नाही, हे ओळखून मंडळी बाडबिस्तरा उचलतात आणि शहरातला बेंडिकसन स्टुडिओ गाठतात. तिथं एक तरुण ध्वनिमुद्रक आहे, यान एरिक कॉंग्सहॉग. 22 आणि 23 सप्टेंबर, दोन दिवसांत काम फत्ते.

'आफ्रिक पेपरबर्ड'. यान गार्बारेक क्वार्टेट, म्हणजे हीच चौकडी.

गंमत बघा, पुढे ही कंपनी आणि हा ध्वनिमुद्रक नावारूपाला आले ते लांबलचक, थंडगार घुमाऱ्यासाठी. आणि सुरुवात केली ती घुमाऱ्यापासून पळ काढून!

(दृश्य: सॅक्सोफोनच्या कळांवर बोटं, अगदी जवळून)

गार्बारेक तेव्हा 23 वर्षांचा. वडील पोलिश युद्धकैदी, आई नॉर्वेची. सातव्या वर्षापर्यंत या मुलाला कुठल्याच देशाचं नागरिकत्व नव्हतं. चौदाव्या वर्षी रेडिओवर अमेरिकन सॅक्सोफोनवादक जॉन कोल्ट्रेन कानावर पडला आणि पोरगा झपाटला. वाद्य हाती यायच्या आधीच पुस्तकात बघून बोटं बसवली.

नॉर्वेचा सॅक्सोफोन म्हटलं की लोक लगेच बर्फ आणि निळी शांतता आळवायला लागतात. ती इथं शोधू नका. या तबकडीतला 'ब्लो अवे झोन' लावा. सूर चिरकतो, गुरगुरतो, अंगावर येतो. तेर्ये रिप्दालची गिटार त्याला शांत करायचं सोडून आणखी डिवचते. आरिल्ड अँडरसनचा बास तेवढा जमीन धरून. आणि यॉन क्रिस्टेन्सन? त्याची झांज ठेका देत नाही, ठेक्याभोवती पिंगा घालते. माझ्या मते या तबकडीचा खरा मानकरी तोच.

सगळंच काही जमलेलं नाही. 'बीस्ट ऑफ कोमोडो' बारा मिनिटांच्या वर जातं, मध्ये जरा भरकटतंही. पण खोलीतल्या एकानंही अजून तिशी गाठलेली नव्हती, हे विसरून चालायचं नाही.

(दृश्य: ऑस्लो, हिवाळ्यातली संध्याकाळ)

डिसेंबर 1986. पुन्हा ऑस्लो, आता रेनबो स्टुडिओ. झाकीर हुसेन आलेत, हरिप्रसाद चौरसिया आलेत, गिटारवर जॉन मॅक्लॉफलिन. तबला, बासरी, आणि शेजारी गार्बारेकचा सॅक्सोफोन. बासरीला वाट देणारा, लांब श्वासाचा. काचेपलीकडे कॉंग्सहॉगच. घुमारा आता त्याच्या बोटावर आहे, हवा तेवढाच.