गाडी कुणी धरली, ते आधी बघा

मंडळी, वाळूची गाडी धरली की आपल्याकडं पहिला फोन पुढाऱ्याला जातो, दुसरा ओळखीच्या तलाठ्याला. वकिलाकडं माणूस येतो तो दोन-तीन महिन्यांनी. तोवर तहसीलच्या आवारात ट्रॉलीखाली गवत माजलेलं असतं, बॅटरी गेलेली असते आणि फायनान्सवाल्याचे हप्ते थकलेले असतात. त्यातून कारखान्याचा हंगाम तोंडावर आला की विचारूच नका. ऊस ओढणारा ट्रॅक्टर तोच, आणि कृष्णेकाठी वाळू भरणाराही पुष्कळदा तोच.

अशा पक्षकाराला मी पहिला प्रश्न विचारतो: गाडी महसूलनं धरली का पोलिसांनी? निम्म्यांना सांगता येत नाही. ‘साहेबांनी धरली’ एवढंच. पण सगळं तिथंच ठरतं.

महसूलनं धरली असेल तर महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, 1966, कलम 48. पोटकलम 7 वाळूच्या दंडाचं आहे, बाजारभावाच्या पाचपटीपर्यंत. पोटकलम 8 गाडीचं. हे दोन दंड वेगळे, आणि लोकांची इथंच गल्लत होते. वाळूचे पैसे भरले म्हणजे गाडी सुटली, असं नाही. 2018 च्या नियमांनी गाडीचे आकडे ठरवून दिलेत: ट्रॅक्टर-ट्रॉलीला 1 लाख, फुल बॉडी ट्रक किंवा डंपरला 2 लाख, खोदकामाच्या एक्सकॅव्हेटरला साडेसात लाख. शिवाय जातमुचलका द्यायचा, की ही गाडी पुन्हा या धंद्यात दिसणार नाही.

आता कोर्टात उपयोगी पडणारा भाग. धरलेली गाडी 48 तासांच्या आत जिल्हाधिकाऱ्यांसमोर, किंवा त्यांनी अधिकार दिलेल्या उपजिल्हाधिकारी दर्जाच्या अधिकाऱ्यासमोर हजर करायची असते. आपल्या भाषेत, प्रांतांसमोर. गाडी धरण्याचा अधिकार तहसीलदाराला मिळू शकतो. पण दंड घेऊन ती सोडायची की नाही, हे ठरवणारा अधिकारी त्याच्या वरचा. प्रत्यक्षात दंडाच्या आदेशावर बऱ्याचदा तहसीलदाराचीच सही असते. नोटीस नाही, सुनावणी नाही, पंचनाम्यात ‘अंदाजे 1 ब्रास’. अंदाजे म्हणजे काय? ब्रास म्हणजे 100 घनफूट. ट्रॉलीची लांबी, रुंदी, थराची उंची मोजायला टेप लागतो, अंदाज नव्हे. पंचनाम्याची नक्कल हातात आली की मी आधी तीन गोष्टी बघतो: वेळ, मोजमाप आणि खाली सही कुणाची.

पोलिसांनी चोरीचा गुन्हा दाखल करून गाडी मुद्देमालात घेतली असेल, तर वाट वेगळी. तिथं न्यायदंडाधिकाऱ्यांकडं अर्ज करायचा. जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेतली कलमं 451 आणि 457, नव्या नागरिक सुरक्षा संहितेत 497 आणि 503. सुंदरभाई देसाई प्रकरणात सर्वोच्च न्यायालयानं 2002 मध्येच सांगितलंय की जप्त गाड्या पोलीस ठाण्यात वर्षानुवर्षं कुजवण्यात कुणाचंच भलं नाही. फोटो काढा, बंधपत्र घ्या आणि गाडी द्या. मात्र 2014 मध्ये संजय प्रकरणात त्याच न्यायालयानं हेही स्पष्ट केलं की खनिज कायद्याखाली कारवाई होऊ शकते म्हणून चोरीचा गुन्हा टळत नाही. म्हणजे एकाच गाडीवर दोन्ही फाइली चालू शकतात. मॅजिस्ट्रेटचा आदेश खिशात आणि गाडी मात्र महसूलच्या ताब्यात, असंही होतं.

उच्च न्यायालयात जायचं तर पूर्वी मुंबई गाठावी लागे. एका ट्रॅक्टरसाठी एवढा खर्च कोण करणार? माणूस गपगुमान दंड भरायचा. 18 ऑगस्ट 2025 पासून कोल्हापुरातच, सीपीआर रुग्णालयासमोरच्या जुन्या कोर्टात उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच बसतंय. पण रिट, म्हणजे थेट उच्च न्यायालयात केलेला अर्ज, ही काही जादू नव्हे. ‘महसूल संहितेत अपील आहे ना, ते केलंत का?’ हा प्रश्न पहिल्याच तारखेला येतो. कलम 247 खाली अपील, आणि जिल्हाधिकाऱ्यांपेक्षा खालच्या अधिकाऱ्याचा आदेश असेल तर मुदत 60 दिवस. तिसऱ्या महिन्यात येणारा तिथंच अडकतो. अधिकारच नसलेल्या माणसानं आदेश दिला असेल किंवा बाजूच ऐकली नसेल, तर गोष्ट वेगळी. तेव्हाही कोर्ट बहुधा एवढंच म्हणतं, की योग्य अधिकाऱ्यानं ऐकून पुन्हा निर्णय द्यावा.

काही प्रकरणं खरोखर निर्दोष असतात. वाळू वाहतुकीचा पास आहे, रॉयल्टी भरलीय, वाटेत टायर फुटला आणि पासची वेळ टळली. अशा वेळी पंक्चरवाल्याची पावती, रस्त्यातला फोटो, जीपीएसची नोंद जपून ठेवा. ड्रायव्हरकडून कोऱ्या कागदावर सही घेतली असेल तर त्याच दिवशी लेखी हरकत द्या आणि पोच घ्या.

मागून कुणी विचारलं, ‘ड्रायव्हरनं परस्पर वाळू भरली, मला पत्ताच नव्हता, तर?’ फौजदारी खटल्यात हा बचाव चालू शकतो. महसूलपुढं अवघड आहे. कारण गाडी सोडवायला दंड मालकानंच भरायचा, असं कलमच म्हणतं. आणि रात्री दोन वाजता नदीपात्रात सापडलेल्या, आधी एकदा मुचलका दिलेल्या गाडीचा मालक हेच सांगत आला, तर ती फाइल मी घेत नाही.