सह्याद्री नसलेला देश : पोलंड

नमस्कार मंडळी. आजचा विषय पोलंड आहे, पण सुरुवात मी आपल्या कोल्हापूरजवळच्या वळिवड्यापासून करणार आहे. या सभागृहातल्या बहुतेकांनी लग्नाचा बस्ता बांधायला कधी ना कधी गांधीनगर गाठलेलं असणार. त्याच परिसरात 1943 ते 1948 या काळात सुमारे 5 हजार पोलिश माणसं राहत होती. बायका आणि मुलंच जास्त. त्यांच्या बराकी होत्या, शाळा होत्या, चर्च होतं, नाटकं होत होती. आमच्या लहानपणी घरातली मोठी माणसं त्या लोकांच्या आठवणी सांगायची, आणि मला तेव्हापासून एकच प्रश्न पडायचा : ही माणसं इतक्या लांब इथं आली कशी? पुढे आयुष्यभर भूगोल शिकवला, तेव्हा कळलं की उत्तराचा निम्मा भाग त्यांच्या देशाच्या नकाशातच आहे.

तेव्हा आधी नकाशा. पोलंडचं क्षेत्रफळ सुमारे 3 लाख 13 हजार चौरस किलोमीटर. महाराष्ट्राचं 3 लाख 8 हजार. म्हणजे आपलं राज्य उचलून तिथं ठेवलं तर जवळजवळ बरोबर बसेल. माणसं मात्र आपल्या एक तृतीयांश, पावणेचार कोटींच्या आसपास. उत्तरेला बाल्टिक समुद्र, दक्षिणेला कार्पेथियन आणि सुदेती पर्वत. कार्पेथियनमधल्या तात्रा डोंगरात रिसी नावाचं शिखर आहे, 2499 मीटर उंच; आपलं कळसूबाई 1646. दक्षिणेच्या डोंगरातून व्हिस्तुला नदी निघते आणि 1047 किलोमीटर वाहत, क्राको आणि वॉर्सा या दोन्ही राजधान्यांना, जुन्या आणि नव्या, भेटून समुद्राला मिळते.

आता पूर्वेकडे आणि पश्चिमेकडे बघा. तिथं काही नाही. डोंगर नाही, घाट नाही, खिंड नाही. देशाची तीन चतुर्थांश जमीन समुद्रसपाटीपासून 200 मीटरच्याही खाली. देशाचं नावच मुळी शेत, मैदान या अर्थाच्या ‘पोले’ शब्दाशी जोडलेलं. पन्हाळ्यावर उभं राहून ज्यानं इतिहास वाचलाय, त्याला या सपाटीचा अर्थ वेगळा सांगायला नको. आपल्याकडे शत्रू घाटात अडवता येत होता, गडावर चार महिने झुंजवता येत होता. पोलंडच्या एका अंगाला जर्मन सत्ता आणि दुसऱ्या अंगाला रशिया, आणि मधे गहू, बटाटा नि राय नावाचं धान्य पिकवणारी मोकळी जमीन. पोलंडचा इतिहास मला नेहमी या एका गोष्टीपाशी आणून सोडतो.

सुरुवात 966 सालची. मिएश्को या राज्यकर्त्यानं ख्रिस्ती धर्म स्वीकारला, तिथून पोलिश लोक आपल्या राज्याचा जन्म मोजतात. 1364 मध्ये क्राकोला विद्यापीठ निघालं. पुढे त्याच विद्यापीठात तोरुन गावचा निकोलस कोपर्निकस शिकला. 1543 साली त्याचा ग्रंथ छापला गेला आणि पृथ्वी सूर्याभोवती फिरते हे म्हणणं युरोपापुढं आलं. 1569 मध्ये पोलंड आणि लिथुएनिया यांचं एकच संयुक्त राज्य झालं. युरोपातल्या मोठ्या राज्यांपैकी ते एक होतं, आणि तिथं राजा वारसाहक्कानं येत नसे. सरदार मंडळी त्याला निवडून देत. 1573 साली या राज्यानं धर्मावरून कुणाचा छळ करायचा नाही असा करार केला. शेजारी देश धर्मावरून एकमेकांचे गळे कापत होते, त्या काळातली ही गोष्ट आहे. 12 सप्टेंबर 1683 रोजी व्हिएन्नाच्या वेशीवर तुर्की फौजेला मागं रेटणारा यान सोबिएस्की हा पोलंडचाच राजा. इकडे तेव्हा गादीवर छत्रपती संभाजी महाराज होते.

मग घसरण. तिथल्या सरदारांच्या सभेत एका जरी सदस्यानं ‘नाही’ म्हटलं की ठराव पडायचा. परकीय सत्तांनी एखादा सदस्य फोडला की काम भागायचं. रशिया, प्रशिया हे जर्मन राज्य आणि ऑस्ट्रिया यांनी 1772, 1793 आणि 1795 अशा तीन घासांत हा देश गिळला. मधे 3 मे 1791 ला पोलिश लोकांनी लिखित राज्यघटना केली होती, तो नकाराचा हक्कही काढून टाकला होता, पण उशीर झाला होता. तिसरी वाटणी ऑक्टोबर 1795 मधली. त्याच महिन्यात पुण्यात सवाई माधवराव गेले. त्यानंतर 123 वर्षं युरोपच्या नकाशावर पोलंड नावाचा देश नव्हता.

इथं मी जरा थांबणार आहे. राज्य गेलं, सैन्य गेलं, 1830 आणि 1863 चे उठाव चिरडले गेले. रशियाच्या ताब्यातल्या भागात शाळेची भाषा रशियन झाली. तेव्हा लोकांनी घराघरांत, पडदे ओढून, पोलिश भाषेचे आणि इतिहासाचे वर्ग चालवले. वॉर्सात मुलींसाठी एक गुप्त विद्यापीठ चालायचं. पोलीस येतील म्हणून त्याची जागा सारखी बदलत राहायची. तिथं शिकलेली एक मुलगी पॅरिसला गेली. 1898 मध्ये तिनं आणि तिच्या नवऱ्यानं एक नवं मूलद्रव्य शोधलं आणि त्याला नाव दिलं पोलोनियम. नकाशावर नसलेल्या देशाचं नाव तिनं रसायनशास्त्राच्या तक्त्यात बसवलं. ती मेरी क्युरी. तिच्या आधीच्या पिढ्यांतला संगीतकार शोपँ 1849 साली पॅरिसमध्ये वारला, देह तिथंच पुरला. त्याचं काळीज मात्र वॉर्साला आणलं गेलं आणि आजही तिथल्या एका चर्चच्या खांबात आहे.

ज्या भाषेसाठी एवढं केलं, ती आपल्याला वाटते तितकी परकी नाही. आगीला ते ‘ओग्येन’ म्हणतात, म्हणजे आपला अग्नी. धुराला ‘दिम’, म्हणजे संस्कृतातला धूम. पोलिशमध्ये सात विभक्ती आहेत आणि गावाच्या नावालाही त्या लागतात. क्राकोचा खरा उच्चार ‘क्राकुफ’. पण ‘क्राकोत’ म्हणायचं झालं की तो ‘क्राकोव्ये’ होतो, आतला ‘उ’ बदलून ‘ओ’ होतो. आपण कोल्हापूर म्हणतो, पण ‘कोल्हापुरात’ म्हणताना पू ऱ्हस्व करतोच की! इंग्रजी बोलणाऱ्याला हे पाठ करावं लागतं, मराठी माणसाच्या ते कानात बसलेलं असतं. अनोळखी माणसाला एकेरी हाक मारायची नाही, पुरुषाला ‘पान’ आणि बाईला ‘पानी’ म्हणायचं, हाही तिथला रिवाज आहे.

जेवणातही नातं सापडतं. पिएरोगी म्हणजे बटाटा, ताजं चीज किंवा कोबी भरलेली उकडलेली करंजी. रायचं पीठ आंबवून ते ‘झुरेक’ नावाचं सार करतात. आपली आंबील आठवा. नाताळच्या आदल्या दिवशी संकष्टीसारखं आभाळाकडं बघत बसतात. पहिली चांदणी दिसली की मगच पानावर बसायचं. परंपरेनं बारा पदार्थ, त्यात मांस नाही. आणि एक ताट जास्तीचं मांडायचं, अवचित येणाऱ्या पाहुण्यासाठी.

जंगलाचं एक सांगतो. पूर्वेच्या बियाओविएझा अरण्यात झुब्र म्हणजे युरोपीय बायसन राहतो. आपल्या दाजीपूरच्या गव्याचा हा लांबचा भाऊबंद. 1919 मध्ये तिथला शेवटचा मोकळा झुब्र मारला गेला. मग प्राणिसंग्रहालयांत उरलेल्या मोजक्या जनावरांपासून वंश वाढवला आणि 1952 पासून पुन्हा जंगलात सोडायला सुरुवात केली. राधानगरीत गवा पाहून ज्याचं काळीज सुपाएवढं झालंय, त्याला यातलं मोल कळेल.

1918 मध्ये देश परत मिळाला, तो जेमतेम 21 वर्षं टिकला. 1 सप्टेंबर 1939 ला पश्चिमेकडून जर्मनी घुसला, 17 सप्टेंबरला पूर्वेकडून सोव्हिएत रशिया. तीच सपाट जमीन. या युद्धात पोलंडचे सुमारे 60 लाख नागरिक मेले, त्यातले निम्मे ज्यू. युरोपात सर्वांत जास्त ज्यू पोलंडमध्ये राहत होते. शतकानुशतकं तिथं त्यांची भाषा, नाटकं, वर्तमानपत्रं, बाजारपेठा होत्या. नाझींनी ते सगळं जग पाच-सहा वर्षांत संपवलं. एकट्या आउश्वित्झच्या छळछावणीत सुमारे 11 लाख माणसं मारली. 1944 मध्ये वॉर्सानं बंड केलं, 63 दिवस लढा दिला, आणि त्यानंतर जर्मनांनी ते शहर ठरवून, गल्ली गल्ली करून पाडलं. आज वॉर्साच्या जुन्या पेठेत उभं राहिलात तर घरं तीनशे वर्षांची वाटतात. ती युद्धानंतर बांधलेली आहेत. अठराव्या शतकात एका इटालियन चित्रकारानं काढलेली शहराची चित्रं समोर ठेवून बांधलेली.

वळिवड्याची माणसं पूर्वेकडची. 1940 पासून सोव्हिएत सत्तेनं लाखो पोलिश लोकांना मालगाड्यांत भरून सायबेरिया आणि कझाकस्तानात नेलं. पहिली मोठी उचल 10 फेब्रुवारीची, कडाक्याच्या थंडीतली. 1941 मध्ये हिटलर रशियावर उलटला, स्टालिनला मित्र लागले, आणि या कैद्यांची सुटका झाली. पुरुषांचं सैन्य उभं राहिलं, जनरल अँडर्सचं. त्यांच्यामागून बायका-मुलं 1942 मध्ये कॅस्पियन समुद्र ओलांडून इराणला पोचली. तिथून काही मुलं जामनगरला गेली, नवानगरच्या जामसाहेबांनी त्यांना आसरा दिला. आणि सर्वांत मोठी वसाहत झाली आपल्या वळिवड्याला. जागा कोल्हापूर संस्थानातली, खर्च देश गेल्यावर लंडनमधून चालणाऱ्या पोलिश सरकारचा. त्यांचे पुरुष तेव्हा इटलीत लढत होते. 18 मे 1944 ला माँटे कॅसिनोच्या टेकडीवर पोलिश झेंडा लागला. त्याच इटलीत आपल्या मराठा पलटणीही होत्या. यशवंत घाडगे आणि नामदेव जाधव यांना व्हिक्टोरिया क्रॉस मिळाला तो तिथल्याच लढायांत. वॉर्सात आज माँटे कॅसिनोच्या स्मारकाशेजारी कोल्हापूरच्या नावाचं स्मारक आहे, आणि आपल्या महावीर उद्यानात त्यांचं.

वळिवड्यात या लोकांनी पोलिश शाळा चालवल्या, इतिहास-भूगोल पोलिशमध्ये शिकवला. मग फेब्रुवारी 1945 मध्ये याल्टाला तीन मोठ्या देशांचे पुढारी बसले आणि पोलंडची पूर्व सीमा पश्चिमेला सरकवली. ल्वूव्ह, विल्नो ही शहरं सोव्हिएत संघात गेली. बदल्यात जर्मनीचा काही मुलूख मिळाला. इथल्या बहुतेकांची गावं त्या गेलेल्या भागातली. युद्ध जिंकलेल्या बाजूला असूनही त्यांचं घर आता परदेशात होतं. मी शिक्षक आहे, म्हणून मला नेहमी वाटतं, ही बातमी आल्यानंतरच्या सकाळी भूगोलाच्या बाईंनी फळ्यावर नकाशा कसा काढला असेल?

पुढचं लवकर सांगतो, कारण ते तुमच्यातल्या अनेकांनी वर्तमानपत्रात वाचलेलं आहे. साम्यवादी राजवट आली. 1978 मध्ये क्राकोचे आर्चबिशप पोप झाले. 1980 मध्ये ग्दान्स्कच्या गोदीतून सॉलिडॅरिटी ही कामगार चळवळ उभी राहिली. 4 जून 1989 च्या निवडणुकीत तिनं सत्ताधाऱ्यांना हरवलं. 2004 मध्ये देश युरोपीय संघात गेला.

वळिवड्यातल्या फार थोड्यांना तो पोलंड मिळाला. 1948 पर्यंत वसाहत रिकामी झाली. काही परतले, बाकीचे इंग्लंड, ऑस्ट्रेलिया, कॅनडा, जिकडे वाट मिळाली तिकडे गेले. काहींच्या कबरी इथंच आहेत. आणि त्याच बराकींत फाळणीनं घर हिरावलेली सिंधी कुटुंबं येऊन उतरली. त्यांनी गाठोड्यातलं कापड विकायला सुरुवात केली, आणि त्या जागेचं गांधीनगर झालं.