उजेड कमी झाला की वात वाढवायची?

मंडळी, आजच्या विषयात तीन मोठे शब्द आहेत: आशा, विवेक आणि अंतर्बळ. तिन्हींसाठी आपण उजेडाचीच भाषा वापरतो. आशेचा किरण दिसतो, डोक्यात प्रकाश पडतो, आतली ज्योत तेवत राहते. हे इतकं अंगवळणी पडलंय की आपण रूपक वापरतोय याचंही भान राहत नाही. माझं म्हणणं असं की रूपक घ्यायचं तर पुरतं घ्यावं. नुसता उजेड उचलला आणि वात, तेल, हवा, काजळी मागे ठेवली, तर खचलेल्या माणसाला आपण चुकीचा सल्ला देऊन बसतो. म्हणून इथे टेबलावर हा कंदील पेटवून ठेवलाय. तिन्ही शब्दांकडे येतोच, पण आधी थोडा वेळ याला देऊ.

दिव्यात जळतं काय? वात नाही, तेल. आणि तेलसुद्धा पातळ असताना जळत नाही. ज्योतीच्या उष्णतेनं त्याची वाफ होते आणि ती वाफ जळते. सुताच्या धाग्यांमधल्या बारीक फटींतून तेल वर चढवून ज्योतीच्या तोंडाशी द्यायचं, एवढंच वातीचं काम. यालाच केशाकर्षण म्हणतात. खाण्याचं तेल घट्ट, ते फार उंच चढत नाही, म्हणून पणती उथळ असते. रॉकेल पातळ, म्हणून कंदिलाची टाकी ज्योतीपासून बरीच खाली असली तरी चालते. वात भिजलेली आहे तोवर फारशी जळत नाही, कारण वाफ होताना तेल तिची उष्णता घेऊन जातं. टाकी कोरडी पडली की मग वातच जळायला लागते. उजेड तांबूस होतो, करपल्याचा वास येतो आणि शेंड्याचा कोळसा होतो. नवी वात घातल्या घातल्या काडी लावली तरी हेच होतं. तेल शेंड्यापर्यंत चढेतो थांबावंच लागतं. आणि वात दमट असेल तर सुतात पाणी बसलेलं असतं, रॉकेल चढतच नाही. टाकी भरलेली आणि दिवा मात्र मरतुकडा. अशी माणसंही आपण पाहतो. त्यांच्यापाशी सगळं असतं, पण ते वर पोचत नाही.

आता पिवळा उजेड येतो कुठून? ज्योतीत कार्बनचे अगदी सूक्ष्म कण तयार होतात, ते तापून चमकतात, तोच हा उजेड. हे कण ज्योतीतच जळून गेले तर ठीक. न जळता बाहेर पडले की त्यांचीच काजळी होते. उजेड आणि काजळी एकाच घरातली भावंडं आहेत, हे लक्षात ठेवा. शास्त्रज्ञ मायकेल फॅरेडे यांनी 1860-61 च्या हिवाळ्यात लंडनच्या रॉयल इन्स्टिट्यूशनमध्ये मुलांसमोर सहा व्याख्यानं दिली, ती फक्त एका मेणबत्तीवर. त्यातलाच एक प्रयोग बघा: ज्योतीत कागद क्षणभर आडवा धरला तर त्यावर करपल्याचं कडं उमटतं, मधला भाग कोरा राहतो. ज्योत कडेला जळते, कारण हवा कडेलाच मिळते. ज्योतीच्या पोटात नुसती वाफ असते.

आता इकडे बघा. चावी फिरवून वात वाढवतो. क्षणभर ज्योत मोठी झाली, बरोबर? आता तिला दोन शिंगं फुटली, टोकं तांबडी झाली, आणि त्यातून काळी रेघ वर निघालीय. काचेच्या गळ्याशी डाग धरायला लागला. मागच्या रांगेतल्यांना कंदील आता आधीपेक्षा मंद दिसत असेल. अशा वेळी कुणीही सहज काय करतो? वात आणखी वाढवतो! काच आणखी काळी होते, उजेड आणखी घटतो, आणि शेवटी सगळे म्हणतात, दिव्यात दम नाही.

या सवयीबद्दल माझी कळकळीची तक्रार आहे. वात वाढवली म्हणजे आपण वाफ वाढवली, हवा होती तेवढीच राहिली. ही हवा बर्नरच्या खालच्या बारीक भोकांतून येते. काचेच्या आत तापलेली हवा वर निघून जाते आणि खालून ताजी ओढून घेते. त्या भोकांत धूळ बसते, मेलेले किडे अडकतात. तिकडे कुणी बघत नाही, कारण उजेड वर असतो. खरा उपाय नेमका उलटा आहे. वात खाली करा. दिवा विझवून पुरता गार होऊ द्या. भोकं कोरड्या ब्रशनं मोकळी करा. वातीचा कोळसा झालेला शेंडा सरळ रेषेत कापा, दोन्ही कोपरे किंचित गोल करा, म्हणजे शिंगं फुटत नाहीत. काच कोरड्या फडक्यानं पुसा. गरम काचेला ओलं फडकं लागलं तर ती तडकते. पेटवताना ज्योत लहान ठेवा, कारण बर्नर तापला की ती आपोआप वाढते. सुरुवातीलाच भरपूर उजेड केलेला कंदील पाच-दहा मिनिटांत धूर ओकायला लागतो, आणि तोवर आपण दुसऱ्या खोलीत गेलेलो असतो.

आता माणसाचं बघा. कुणी मंदावला की आपण म्हणतो, जिद्द वाढव, मनाचा हिय्या कर, चांगला विचार कर. ही वात वाढवणं झालं. त्याला झोप मिळतेय का, मन मोकळं करायला कुणी आहे का, घरच्या आजारपणात त्याच्या जागी तासभर बसणारं कुणी आहे का, हे आपण विचारत नाही. भोकं बुजलेली असताना जिद्द वाढवली की ती जिद्दच काजळी होते. असा माणूस चिडका होतो, स्वतःला दोष देतो, आणि लोकांना फक्त काळी काच दिसते.

चिठ्ठी आली, सात मिनिटं उरलीत. तिन्ही शब्द आता भराभर घेतो.

आशा. उजेडातून काळोखात शिरलात की पहिल्या मिनिटाला काही दिसत नाही. डोळ्यातल्या भर उजेडात पाहणाऱ्या शंकूपेशी आठ-दहा मिनिटांत सरावतात, मंद उजेडात पाहणाऱ्या दंडपेशींना वीस-तीस मिनिटं लागतात. काळोख तेवढाच असतो, डोळा बदलतो. सरावलेला डोळा किती मंद उजेड टिपतो, हे 1942 साली हेक्ट, श्लेअर आणि पिरेन या शास्त्रज्ञांनी मोजलं. अशा डोळ्यात साधारण पाच ते चौदा प्रकाशकण शोषले गेले, तरी माणसाला चमक जाणवते. पण मध्येच कुणी तोंडावर टॉर्च मारला की पुन्हा पहिल्यापासून सुरुवात. नुकताच आघात झालेल्या माणसासमोर पुढच्या दहा वर्षांची स्वप्नं ठेवणं हा तसा टॉर्च आहे. त्याच्या शेजारी नुसतं बसावं. आणखी एक, अंधूक तारा थेट रोखून पाहिला की नाहीसा होतो, जरा बाजूला पाहिलं की दिसतो, कारण नजरेच्या अगदी मध्यावर दंडपेशी नसतात. 'बरं कधी होणार' या प्रश्नाकडे टक लावून बसलेल्याला हाताशी एखादं छोटं काम द्यावं, ते यासाठी.

विवेक. या शब्दाचा मूळ अर्थ वेगळं करणं, निवडणं. 1823 साली फ्रान्समधल्या कॉर्दुआं दीपगृहावर भौतिकशास्त्रज्ञ फ्रेनेल यांचं भिंग बसलं. आत तेलाचाच दिवा होता. वर-खाली वाया जाणारा उजेड काचेच्या कड्यांनी वळवून समुद्राकडे नेला, एवढंच. माहिती पुष्कळ असून मार्ग न दिसणाऱ्याला आणखी माहिती देऊन उपयोग नाही. तिच्यातली कुठली कामाची, हे त्याच्यासोबत बसून निवडावं लागतं.

अंतर्बळ. गीतेच्या सहाव्या अध्यायात योग्याच्या स्थिर चित्ताला वारा नसलेल्या जागच्या दिव्याची उपमा आहे. तिचा अर्थ अनेकजण असा घेतात की मन कडेकोट बंद करावं. हा कंदील बघा. काच वाऱ्याचा झोत अडवते, पण ती वरून उघडी आहे आणि खाली भोकं आहेत. वरचं तोंड झाकलं तर ज्योत लगेच गुदमरेल. स्वतःला मिटून घेतलेल्या माणसाला आपण खंबीर म्हणतो, आणि तो आत विझत असतो. त्याच्याकडे दार वाजवून जायला हवं, त्यानं बोलावलं नाही तरी.

वेळ संपली. प्रश्न विचारायला पुढे येणाऱ्यांनी कंदील जरूर जवळून बघा, वात मी खाली केलीय. काचेला मात्र हात लावू नका, ती अजून तापलेली आहे.