रिकामी बशी आणि लिंबाची बी

नमस्कार मंडळी, आज बोलायचंय कॅथरीन ओहारा ह्या कॅनडातल्या नटीबद्दल, 'होम अलोन'मधली आई म्हटलं की चेहरा आठवेल. पण आधी आमच्या इंदूरच्या रामबागेतल्या काकूंची गोष्ट ऐका, म्हणजे बाकीचं आपोआप समजेल.

गणेशोत्सवातलं नाटक होतं, मी आठवीत, पडद्याची दोरी माझ्याकडे. मुलगी बघायचा सीन, म्हणजे पोहे आलेच, आणि विंगेत भरून ठेवलेल्या बशा आम्हा पोरांनीच साफ केलेल्या. मुलगी बिचारी रिकाम्या बशा घेऊन स्टेजवर गेली. मुलाचे वडील झालेले काका बशीकडे बघत बसले, सगळं चिडीचूप, माझ्या हाताला घाम. आणि मुलीची आई झालेल्या काकू म्हणाल्या, "घ्या ना, आमच्याकडे पोहे इतके हलके होतात की दिसत पण नाहीत!"

काका लगेच म्हणाले, "हो तर, अगदी कापूस! जिरावन आहे का हो?" काकूंनी चिमटीनं हवेतलं जिरावन, म्हणजे पोह्यांवरचा इंदुरी मसाला, भुरभुरलं, काकांनी लिंबू पिळलं, घास घेतला, मग तोंडातून बी काढून बशीच्या काठावर ठेवली, धोतराला बोटं पुसली. बशीत काही नव्हतं हो, तरी मागच्या रांगेतले लोक ती बी बघायला उठून उभे राहिले.

इथं संपलं नाही. तिसऱ्या अंकात मुलीची पाठवणी, काकूंनी पदराची गाठ सोडली आणि म्हणाल्या, "ही त्या दिवशीची बी, तुमच्या अंगणात लावा." हसणारेच डोळे पुसत होते. (आता मंडपात डीजे असतो. माझं स्पष्ट मत आहे, दहा दिवसांत एक संध्याकाळ तरी नाटकाला हवीच.)

तर हेच इम्प्रोव्ह, म्हणजे आधी न लिहिता स्टेजवरच सुचेल तसं नाटक. समोरच्यानं जे दिलं त्याला हो म्हणायचं आणि पुढं भर घालायची. परत सांगतो, हो म्हणायचं आणि भर घालायची. ओहारा हे टोरांटोच्या सेकंड सिटी ह्या विनोदी नाटकमंडळीत शिकली, आधी तिथंच वेट्रेस होती, 1974 मध्ये ग्रुपमध्ये आली, मग टीव्हीवर स्केचेस केले. 1996 ते 2006 मध्ये दिग्दर्शक ख्रिस्तोफर गेस्टच्या चार छोट्या पिक्चरमध्ये ती होती, त्यात गोष्ट आणि पात्रं लिहिलेली असायची पण डायलॉग नाही, ते नटांनी कॅमेऱ्यासमोरच बोलायचे, आणि तासन्‌तासांच्या शूटिंगमधून दीड तासाचा पिक्चर निघायचा. 2000 सालच्या 'बेस्ट इन शो'मध्ये तिचा नवरा झालेल्या युजीन लेव्हीचे दोन्ही पाय डावे आहेत, खरंच डावे, आणि तिला जिथं जाईल तिथं जुना कुणीतरी प्रियकर भेटतो, ती प्रत्येकाला इतक्या मायेनं ओळख देते की नवऱ्याचं अवघडणं आपल्याला पण जाणवतं. एमी, म्हणजे अमेरिकेतला टीव्हीचा मोठा पुरस्कार, त्यातली मुख्य अभिनेत्रीची एमी तिला 2020 मध्ये मिळाली, तोवर तिला सेकंड सिटीत येऊन 46 वर्षं झालेली.

मिळाला तर बघा 'बेस्ट इन शो', आणि ती बोलत असताना नाही, समोरचा बोलत असताना तिच्याकडे बघा.